२३ फुटांची होडी

अब्बा बोटीवर नोकरीला. समुद्रावर जायचे पुरुषांनी आणि वाट पाहायची बायकांनी, हे आमच्या घरात कुणाला शिकवावे लागले नाही. म्हणूनच अ‍ॅन डेव्हिसनची हकीकत वाचताना मी थबकले. १९४९ साली ती नवऱ्याबरोबर निघाली होती. इंग्लंडच्या पोर्टलंड बिलजवळ त्यांचे जहाज फुटले, फ्रँक बुडाला, ती तेवढी वाचली. अशी बाई पुन्हा पाण्याचे तोंड पाहणार नाही, असे आपण म्हणू. मे १९५२ मध्ये ती प्लिमथहून निघाली, एकटी. ‘फेलिसिटी अ‍ॅन’ होडी अवघी २३ फुटांची, आमच्या ओटीएवढी म्हणा ना! कॅसाब्लांका, कॅनरी बेटे, आणि मग दोन महिने नुसते पाणी. जानेवारी १९५३ मध्ये ती डॉमिनिकाला लागली. अटलांटिक एकटीने ओलांडणारी ती पहिली स्त्री. आपल्याला भीती वाटली, हे तिने लपवले नाही. मला ती आवडली ती याचसाठी.

अम्मीला हे सगळे सांगितले. ती भाजी निवडत होती.

“रात्री झोपायची कधी ती?”

“तुकड्यातुकड्यांनी.”

“तुझे अब्बा गेले की माझंही तसंच व्हायचं,” अम्मी म्हणाली.