माटुंग्याचा 'मोर' आणि आपली भेंडी

माटुंगा म्हटलं की काय आठवतं? रविवारची सकाळ, हॉटेलबाहेर नाव लिहून ताटकळणारी गर्दी आणि स्टीलच्या पेल्यातली वाफाळती फिल्टर कॉफी. १९४०चं 'कॅफे मद्रास', स्टेशनजवळचं १९४२चं 'रामा नायक'... ही यादी मुंबईकराला तोंडपाठ असते. पण बॉस, डोसा हाणून लगेच ट्रेन पकडलीत तर माटुंगा अर्धाच बघितलात. उरलेला अर्धा बाजारात आहे.

स्टेशनच्या पूर्वेला उतरा आणि चालत राहा. गजऱ्यांचा वास, केळीची पानं, केळफूल, सांबारातले चिमुकले कांदे, लांबलचक शेवग्याच्या शेंगा आणि कढीपत्त्याच्या जुड्या. आणि हो, भेंडी! शेंड्याला हलकंसं वाकवल्यावर 'टक्' करून मोडली की घ्यायची, नुसतीच वाकली तर सोडून द्यायची. पाव किलो पुरे.

या भेंडीचं करायचं काय? 'वेंडक्काय मोर कुळंबु'. दचकू नका, यात पक्ष्याचा काही संबंध नाही. तमिळमध्ये मोर म्हणजे ताक, कुळंबु म्हणजे रस्सा. आपल्या कढीची मद्रासी मावसबहीणच म्हणा ना!

कृती सोपी आहे. एक चमचा तूरडाळ आणि अर्धा चमचा धणे अर्धा तास भिजवा. त्यात अर्धी वाटी ओलं खोबरं, थोडं जिरं, आल्याचा तुकडा आणि दोन हिरव्या मिरच्या घालून गुळगुळीत वाटा. भेंडी धुऊन अगदी कोरडी पुसा, मगच चिरा. थोड्या तेलावर, झाकण न ठेवता परता. तिचा चिकटपणा पाण्यात विरघळून पसरतो, म्हणून पाण्याचा थेंब नको आणि मीठही शेवटी.

वाटण वाटीभर पाण्यात हळद घालून पाच मिनिटं शिजवा. आच एकदम मंद करून दोन वाट्या घुसळलेलं आंबट दही आणि मीठ घाला, ढवळत राहा. कडेने फेस धरला की गॅस बंद! खळखळून उकळलं तर दही फाटतं. कढीत जे काम बेसन करतं, ते इथे डाळ करते, रस्सा दाट ठेवते. आता भेंडी सोडा आणि वरून खोबरेल तेलात मोहरी, मेथीदाणे, सुकी मिरची, कढीपत्त्याची फोडणी. क्रीमचा थेंब नाही, तरी मलईदार. सोबत गरम भात आणि पापड, बास.

आता तुम्ही म्हणाल, एवढा खटाटोप कशाला, इथे हॉटेलं काय कमी आहेत? आहेत ना. पण हॉटेलातलं माटुंगा आणि घरातलं माटुंगा यांत फरक आहे. १८९६च्या प्लेगनंतर स्थापन झालेल्या बॉम्बे इम्प्रूव्हमेंट ट्रस्टने हा भाग आखला आणि पुढच्या काही दशकांत दक्षिणेतून नोकरीसाठी आलेली तरुण मंडळी इथे स्थिरावली. कारकून, टायपिस्ट, स्टेनो. म्हणजे आपल्यासारखीच ऑफिसवाली पब्लिक! एकटे होते तोवर बोर्डिंगात जेवले, संसार थाटल्यावर घरी मोर कुळंबु शिजू लागलं.

त्यांतली कितीतरी कुटुंबं नंतर चेंबूर, मुलुंडकडे सरकली. जुन्या बिल्डिंगांच्या जागी टॉवर येताहेत. इडली-डोशाची चिंता नाही, त्यांच्यासाठी रांगा आहेत. पण रोजच्या जेवणातला हा साधा रस्सा कुणी घरी केला, तरच टिकेल. त्यासाठी तमिळच असायला हवं असं थोडंच आहे?

तेव्हा पुढच्या रविवारी डोसा जरूर खा. फक्त परतताना हातात एक पिशवी असू द्या.