गंगावन आणि विस्तव

नळदुर्गच्या एका व्यापारी घरातील सूनबाईंवर बार्शीच्या कर्करोग रुग्णालयात केमोथेरपीचे उपचार झाले आणि पाठीवर रुळणारा शेपटा काही आठवड्यांतच नाहीसा झाला. वैशाखात लेकीचे लग्न होते. आजार गावभर ठाऊक होता. तरी मांडवात पाहुण्यांच्या नजरेतली कणव त्यांना नको होती. सोलापूरहून कृत्रिम केसांचा टोप आणि एक गंगावन आले. वेष्टनावर ‘अग्निरोधक’ असे ठळक छापलेले. जाऊबाईंनी लगेच कर्लर तापवला. आगीला न भिणारे केस कर्लरला काय भिणार! दुकानात आयुष्य घालवलेल्या सासूबाईंनी मात्र मागच्या अंगाची, झाकून जाणारी एक बट आधी तापवून पाहायला लावली. ती क्षणात आखडली आणि कर्लरला चिकटली.

वेष्टनावरचा शब्द खोटा नव्हता, त्याचा अर्थ वेगळा होता. अशा टोपांत बहुधा मोडॅक्रिलिक धागा असतो. त्याच्या घडणीतच क्लोरीन असते. ते ज्वाळेची साखळी तोडते. हवेत प्राणवायू सुमारे २१ टक्के. एवढ्यावर हा धागा जळत राहत नाही, ज्योत दूर होताच विझतो. पण विझणे निराळे आणि न वितळणे निराळे. वितळलेला धागा कातडीला चिकटला, तर भाजणे अधिक खोल जाते. नैसर्गिक केस जळतात, करपतात. असे वितळत नाहीत.

म्हणून वेष्टनावर ‘उष्णतासह’ असे स्वतंत्र लिहिले आहे का आणि किती अंशांपर्यंत, हे पाहावे. आकडा नसेल तर कर्लर लावूच नये. असेल तर टोप डोक्यावर नव्हे, ठोकळ्यावर ठेवावा. केस पूर्ण कोरडे असावेत, सुरुवात सर्वांत कमी उष्णतेने करावी आणि बट थंड होईपर्यंत फणी लावू नये. स्प्रे तर तापलेल्या यंत्राजवळ नकोच. त्यातले अल्कोहोल पेट घेते.

सूनबाईंच्या टोपाला शेवटी जुनाच उपाय लागू पडला. बटा रोलरवर गुंडाळल्या, न उकळलेले गरम पाणी बेताने ओतले आणि टोप रात्रभर वाळू दिला.

स्वयंपाकघराचा धोका मात्र कोणी वेष्टनावर छापत नाही. कुकरचे झाकण उघडताना येणारी वाफही कृत्रिम केसांच्या टोकांचा गुंता करून टाकते. फोडणीला उभे राहताना टोप काढून डोक्याला सुती रुमाल बांधलेला बरा.