रीतीचे गुण

गणिताच्या शिक्षकाची एक सवय जन्मभर सुटत नाही. उत्तराआधी तो रीत पाहतो. उत्तर चुकलं, पण पायऱ्या बरोबर असल्या, तर गुण देतो; नुसतंच उत्तर लिहिलेलं दिसलं, तर ते आलं कुठून म्हणून विचारतो. कुर्ल्यातल्या शाळेत गणित शिकवताना मीही हेच करत आले. त्यामुळे माजी शालेय शिक्षणमंत्री वर्षा गायकवाड यांचं नाव निघालं की मला त्यांच्या पक्षाआधी त्यांचा विषय आठवतो.

गणितात एम.एस्सी., मग बी.एड., आणि बाबासाहेब आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने 1946 साली सुरू केलेल्या सिद्धार्थ महाविद्यालयात अध्यापन. 2004 साली त्यांचे वडील एकनाथ गायकवाड यांनी लोकसभेचे तेव्हाचे अध्यक्ष मनोहर जोशी यांचा पराभव केला. त्याच वर्षी वडिलांच्या धारावीतून वर्षाताई विधानसभेत गेल्या. वाट वडिलांनी पाडलेली होती, हे खरंच. पण धारावीने त्यांना लागोपाठ चार वेळा निवडून दिलं, हेही तितकंच खरं.

2019 च्या डिसेंबरअखेर त्या शालेय शिक्षणमंत्री झाल्या आणि तीन महिन्यांत कोरोनामुळे राज्यभरातल्या शाळा बंद पडल्या. शिक्षकी पेशातून आलेल्या मंत्र्याच्या वाट्याला कुलूप लागलेल्या वर्गांचं खातं आलं. 20 एप्रिल 2021 रोजी त्यांनी दहावीची परीक्षा रद्द झाल्याचं जाहीर केलं. त्यानंतर आठच दिवसांनी, 28 एप्रिलला, एकनाथ गायकवाड कोरोनाने गेले. घरात हे दुःख आणि दारात सुमारे 16 लाख मुलांचा प्रश्न: परीक्षाच नाही, तर निकाल लावायचा कशावर?

मे महिन्याच्या शेवटी सूत्र आलं. नववीच्या निकालाला 50 गुण, दहावीच्या वर्षभरातल्या लेखी कामाला 30, तोंडी आणि प्रात्यक्षिकाला 20. एरवी मंडळाकडे असलेला निवाडा आम्हा शिक्षकांच्या नोंदवह्यांवर आला. गुण भरताना माझा हात अडखळत होता. या मुलांची नववीची दुसरी सत्र परीक्षाही टाळेबंदीने खाल्ली होती. पहिल्या सत्रात मागे पडलेलं आणि दहावीत जीव तोडून अभ्यास केलेलं मूल या सूत्रात पुरतं मावत नव्हतं. निकाल लागला 99.95 टक्के. अकरावीच्या प्रवेशासाठी सरकारने सामाईक परीक्षाही जाहीर केली होती; 10 ऑगस्टला मुंबई उच्च न्यायालयाने ती रद्द केली.

आज मागे वळून पाहताना हे सूत्र न्याय्य होतं, असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही. पण त्याची मांडणी उघड होती. कुठले गुण कशाचे, हे मुलाला माहीत होतं, रिक्षा चालवणाऱ्या त्याच्या बापालाही माहीत होतं. म्हणून त्यावर घरात वाद झाला, वर्तमानपत्रांत टीका झाली. सामाईक परीक्षेची पायरी तर न्यायालयात तपासली गेली आणि तिथेच खोडली गेली. सत्तेचा निर्णय असा तपासता येणं, हे मला निर्णय अचूक असण्याइतकंच मोलाचं वाटतं. वर्गात शिक्षकाला तीस-चाळीस चेहरे दिसतात. कुणाला कळलं नाही, ते डोळ्यांत वाचता येतं. मंत्रालयातून एकही चेहरा दिसत नाही. तिथे रीत उघड ठेवणं, हाच मुलांशी उरलेला प्रामाणिकपणा.

जून 2022 मध्ये सरकार गेलं, मंत्रिपदही गेलं. 2024 साली उत्तर मध्य मुंबईतून वर्षाताई लोकसभेवर निवडून आल्या, 16,514 मतांनी. कुर्ला, कलिना, चांदिवली, विलेपार्ले, वांद्रे एवढ्या पसाऱ्यात हे अंतर अगदी थोडं. म्हणजे जवळपास निम्म्या मतदारांना अजून पटवून द्यायचं आहे. ज्याला पटलेलं नाही, त्याच्यासाठी चांगला शिक्षक तेच गणित पुन्हा पहिल्या ओळीपासून सोडवून दाखवतो आणि त्यात त्याला कमीपणा वाटत नाही. पुनर्विकास असो, पाणी असो की लोकलची गर्दी, हा धीर लोकप्रतिनिधीकडे हवा. तो मागण्याचा हक्क विरोधात मत दिलेल्यांनाही आहे. किंबहुना त्यांनीच तो आग्रहाने मागावा.