हरायला शेजारी हवेत

कोथरूड, पुणे
नोव्हेंबरचा दुसरा आठवडा

चि. ईशास,
अनेक आशीर्वाद.

फराळाचं पार्सल पोचलं आणि चकल्यांचा भुगा झाला, हे दोन्ही तुझ्या आईनं कळवलं. भुग्याची भेळ करा.

परवा फोनवर तुझा आवाज पडलेला होता. "आबा, इथे बास्केटबॉलची ट्रायआउट नावालाच. बाराजणी गेलो, बाराही घेतल्या," म्हणालीस. आणि मग, "खेळायचं कुणाशी, तर ह्याच आसपासच्या गावांशी. दर वर्षी तीच. ह्याला काय अर्थ आहे?" पाच हजारांवर मुलं असलेल्या इंडियानातल्या कार्मेलच्या हायस्कूलातून तू बाबांच्या नोकरीपायी थेट रिप्ली काउंटीत जाऊन पडलीस. तिथे संघात नाव लागायला मारामार, इथे संघ पुरा करायला पोरी शोधाव्या लागतात. तुझी चिडचिड मला कळते. पण ते शेवटचं वाक्य दोन दिवस डोक्यात फिरतंय, कारण आसपासच्या शाळांच्या त्या लीगशी, म्हणजे तुझ्या कॉन्फरन्सशी, माझी जुनी ओळख आहे.

मी 1993 ते 98 कोलंबसला होतो, हे तुला ठाऊक आहे. कोथरूडच्या कारखान्यातून कमिन्सनं पाठवलेला. (पुणं आणि इंडियानातलं ते गाव 1962 पासून डिझेल इंजिनांनी जोडलेलं आहे. तिथल्या वाणसामानाच्या दुकानात मागून मराठी ऐकू आलं तर मान वळवायचीसुद्धा गरज नसे.) आमच्या टेस्ट सेलवर साठीला टेकलेला एक फोरमन होता. पहिल्याच हिवाळ्यात एका शुक्रवारी त्यानं मला गाडीत घातलं आणि तासाभरावरच्या व्हर्सेल्सला नेलं. हो, स्पेलिंग पॅरिसजवळच्या राजवाड्याचं आणि उच्चार 'व्हर्सेल्स'. तसंच शेजारी मिलान लिहायचं आणि 'मायलन' म्हणायचं. तिथे परकं माणूस ओळखायची ही सोपी युक्ती आहे, एव्हाना तू पास झाली असशील.

बाहेर नाकाचा शेंडा बधिर करणारी थंडी, रस्त्यावर कुत्रं नाही. आणि जिमचं दार उघडलं तर सगळं गाव आत! लाकडी पायऱ्यांवर आज्या उशा घेऊन बसलेल्या, पॉपकॉर्नचा वास, बुटांची करकर. आमच्या फोरमननं कोट काढला. आत लोकरी जाकीट होतं, छातीवर मोठं 'एच' शिवलेलं, कोपरांना ठिगळं. 'एच' म्हणजे होल्टन, त्याची शाळा. मी विचारलं, शाळा कुठे आहे? त्यानं समोरच्या कोर्टाकडे बोट केलं आणि म्हणाला, "हिनं गिळली."

तुझ्या कॉन्फरन्सचा इतिहास त्या जाकिटात आला. इंडियानाची जमीन मोजली गेली साधारण सहा मैलांच्या चौकोनांत. त्या चौकोनाची टाउनशिप, टाउनशिपचा कारभारी वेगळा आणि त्याची शाळाही वेगळी. घोडागाडीतून पोरं येऊ शकतील एवढं अंतर. मग शाळाशाळांत स्पर्धा लागली आणि तीही पाच भिडूंच्या खेळात. फुटबॉलला अकरा लागतात, वर राखीव. पाच पोरं कुठल्याही खेड्यात मिळतात. म्हणून इंडियानात बास्केटबॉल रुजला, असं मला वाटतं. हिवाळ्यात शेतीला काम नसतं हेही आहेच. राज्याच्या स्पर्धा 1911 पासून सुरू झाल्या. 1913 आणि 14 साली विंगेट नावाच्या चिमुकल्या शाळेनं त्या सलग जिंकल्या, आणि विंगेटला स्वतःचं जिमच नव्हतं! 1938 साली स्पर्धेत 787 शाळा होत्या.

त्या काळी लीग म्हणजे काउंटीची लीग. काउंटीत आठ-दहा शाळा असायच्या, आपसात खेळल्या की हंगाम भरला. पुढे रस्ते झाले, पिवळ्या बस आल्या, आणि 1959 साली शाळांच्या फेररचनेचा कायदा आला. वीस-पंचवीस पोरांच्या वर्गाला विज्ञानाचा शिक्षक कुठून आणायचा, हा त्यामागचा प्रश्न खरा होता, त्यात खोट काढता येत नाही. व्हर्सेल्स, होल्टन, क्रॉस प्लेन्स, न्यू मॅरियन मिळून साउथ रिप्ली झाली. ऑसगुडची शाळा तर तीन टाउनशिपांच्या नावांचे तुकडे जोडून बनली: जॅक्सनचा जॅक, सेंटरचा सेन, डेलावेअरचा डेल. जॅक-सेन-डेल! कुणाचंच नाव पूर्ण ठेवायचं नाही, म्हणजे कुणी रुसणार नाही, असा हा तोडगा असावा. आपल्याकडे दोन सोसायट्या एकत्र झाल्या की असंच नाव निघतं.

पण एका काउंटीत तीन-चार शाळाच उरल्या तर लीग कसली? तेव्हा काउंटीची वेस ओलांडून दुसरे शेजारी शोधावे लागले. त्या कायद्याआधीच, 1950च्या दशकात, ओहायो नदीच्या आसऱ्यानं उभी राहिलेली तुमची ओहायो रिव्हर व्हॅली कॉन्फरन्स ही अशा शोधातली. आज तिच्यात रिप्ली काउंटीतल्या मायलन, साउथ रिप्ली आणि जॅक-सेन-डेल, नदीकाठची रायझिंग सन, व्हीव्हे गावची स्वित्झर्लंड काउंटी, हॅनोव्हरची साउथवेस्टर्न आणि मॅडिसनची कॅथलिक शाळा शॉ मेमोरियल. सात शाळा, चार काउंट्या. बऱ्याच जणींकडे फुटबॉलचा संघ आजही नाही, तेवढी पोरंच नाहीत. रायझिंग सनच्या पोरांना 'शायनर्स' म्हणतात, हे मला फार आवडतं.

कॉन्फरन्स या शब्दानं मला आधी कचेरीतली बैठक आठवायची. तो आहे शेजाऱ्यांनी केलेला करार. आम्ही तुमच्याकडे येऊ, तुम्ही आमच्याकडे या, बस रात्री वेळेत परतली पाहिजे, आणि ह्या वर्षी आमच्याकडे पोरं कमी पडली म्हणून पुढच्या वर्षी तुम्ही आम्हाला वगळायचं नाही. हे शेवटचं कलम कुठे लिहिलेलं नसतं, पण सगळा डोलारा त्यावर उभा असतो.

एक गंमत सांगतो. मी तिथे होतो तेव्हा इंडियानाच्या बहुतेक भागात उन्हाळ्यात घड्याळं पुढे करत नसत. पण रायझिंग सन ज्या ओहायो काउंटीत आहे ती, आणि शेजारची डिअरबॉर्न, नदीपलीकडच्या सिनसिनाटीच्या घड्याळाप्रमाणे चालायच्या. म्हणजे एप्रिल ते ऑक्टोबर, रिप्लीत सहा वाजले की अर्ध्या-पाऊण तासावर सात! लोक त्याला 'फास्ट टाइम' आणि 'स्लो टाइम' म्हणत. सॉफ्टबॉलची मॅच साडेपाचला म्हटलं की पहिला प्रश्न, कुणाच्या साडेपाचला? 2006 साली सगळ्या राज्यानं घड्याळं हलवायला सुरुवात केली तेव्हा हा घोळ मिटला. मला त्यात एक मजा वाटायची. दोन गावांचं घड्याळ जुळत नव्हतं, तरी मॅच चुकत नव्हती.

आता मायलन. त्या गावची टाकी तू पाहिलीच असशील, 1954च्या राज्य विजेतेपदाची आठवण तिच्यावर रंगवलेली. 161 मुलांची शाळा. अंतिम सामन्यात समोर दहापट मोठी मन्सी सेंट्रल. 20 मार्च, इंडियानापोलिसचं बटलर फील्डहाउस. प्रशिक्षक मार्विन वूड जेमतेम सव्वीस वर्षांचे. शेवटच्या डावात मायलन दोन गुणांनी मागे, आणि पिअर्सव्हिल नावाच्या वाडीवरचा बॉबी प्लम्प चेंडू धरून उभा राहिला. चार मिनिटांहून जास्त! मागे असताना! तेव्हा चेंडू टाकायला वेळेचं बंधन नव्हतं. मैदान ओरडतंय आणि हा पोरगा खांबासारखा उभा. मग बरोबरी झाली, आणि शेवटच्या क्षणी त्यानंच उडी मारून चेंडू जाळीत घातला. 32-30. दुसऱ्या दिवशी हजार-अकराशे वस्तीच्या गावात चाळीस हजार लोक लोटले, असा अंदाज सांगतात. 1986 साली त्यावरून 'हूजियर्स' सिनेमा निघाला, तो आपण दोघांनी पाहिलाय आणि तू मध्येच झोपलीस.

योगायोग म्हणायचा तर अर्धाच. मायलन आदल्या वर्षीही शेवटच्या चारांत होती. आणि वाटेत त्यांनी ज्या क्रिस्पस अ‍ॅटक्सला हरवलं, तिच्यात ऑस्कर रॉबर्टसन होता. ती शाळा पुढल्याच वर्षी जिंकली. राज्य विजेतेपद मिळवणारी पहिली कृष्णवर्णीयांची शाळा. त्यांना 1940च्या दशकापर्यंत या स्पर्धेत खेळूच दिलं नव्हतं. छोट्या शाळेची गोष्ट सांगताना लोक हे पान उलटायचं विसरतात, म्हणून मुद्दाम लिहिलं.

मी तिथे असतानाच मोठा वाद पेटला. 1996 साली ठरलं की राज्य स्पर्धेत पटसंख्येप्रमाणे चार गट करायचे. 1997 साली शेवटची एकगठ्ठा स्पर्धा झाली. 1954 साली 751 संघ होते, आता 382 उरलेले. ब्लूमिंग्टन नॉर्थ जिंकली. आमचा फोरमन सुतकात होता. प्लम्पही विरोधात होते. छोट्यांना मोठ्यांशी भिडायची संधीच गेली, असं म्हणणं. दुसरी बाजू म्हणायची, मायलननंतर त्रेचाळीस वर्षांत एवढी छोटी शाळा पुन्हा जिंकली का? नाही ना? मग दर मार्चला पोरांना कत्तलीला कशाला पाठवता? मला विचारशील तर दुसऱ्या बाजूचा हिशेब बरोबर होता आणि पहिल्या बाजूचं दुःख खरं होतं.

पण दोघंही मार्चबद्दलच भांडत होते. कॉन्फरन्स असते डिसेंबर-जानेवारीतली, मंगळवार-शुक्रवारची. आणि ऐक, इंडियानात राज्याच्या स्पर्धेला सगळ्याच शाळांना प्रवेश असतो. मग ती एक सामना जिंकलेली असो की वीस. म्हणजे तुझी शाळा कॉन्फरन्स जिंकली तरी पुढे तसूभरही फायदा नाही, आणि शेवटची आली तरी तोटा नाही. त्या करंडकाचा उपयोग शून्य! तो फक्त सात गावांना कळतो. तरी त्या रात्री मी जे बघितलं, आज्यांच्या उशांसकट, ते त्या बिनउपयोगी करंडकासाठीच चाललं होतं.

तू म्हणतेस दर वर्षी तीच गावं. आमच्या भोरकडच्या शाळेचा खो-खोचा संघ सलग चार वर्षं नीरेपलीकडच्या गावाकडून हरला. त्यांच्यातला एक पोरगा खांबावरून असा सूर मारायचा की आमचा धावक बाद झाल्याचं त्यालाच उशिरा कळायचं. तो पुढे एसटीत कंडक्टर झाला. मी नोकरीला लागलो, लग्न झालं, तुझे बाबा कडेवर आले, तरी तिकीट फाडताना म्हणायचा, "या, एक डाव राखून हरलेले." तालुक्यात मला त्या नावानं ओळखणारा तो एकटा. तो गेला तेव्हा मी कोलंबसला होतो. आता आपल्याकडेही वीसच्या आतल्या पटाच्या शाळा एकत्र करून समूह शाळा करायचं 2023 पासून चाललंय, पानशेतचा दाखला देतात. पोरांच्या बसचं सगळे विचारतात. ती खेळणार कुणाशी, हे विचारलेलं मी अजून ऐकलं नाही.

आणखी एक, खास तुझ्यासाठी. त्या सगळ्या जुन्या जाकिटांत मुली नाहीत. 1972 साली शाळांत मुलामुलींत भेदभाव नको असा केंद्राचा कायदा आला, मग 1976 साली इंडियानानं मुलींची पहिली राज्य स्पर्धा घेतली. वॉर्साची शाळा जिंकली. तोवर तुझ्यासारख्या पोरी त्याच जिममध्ये पायऱ्यांवर बसून टाळ्या वाजवत होत्या. त्यामुळे बाराच्या बारा घेतल्या म्हणून नाक मुरडू नकोस. त्या उशीवाल्या आज्यांपैकी एखादीला विचार, तिच्या वेळी किती घेत होते.

आजीचा गुडघा बरा आहे. ती विचारते, तुझ्या जर्सीवरचा आकडा कुठला?

वेळापत्रकाचा फोटो पाठव. तुमची शुक्रवारची संध्याकाळी साडेसातची मॅच म्हणजे आमची शनिवारची सकाळी सहा. तोवर माझा चहा झालेला असतो. मॅच कुणाच्या गावात आहे तेवढं आदल्या दिवशी कळव. रायझिंग सनशी असेल तर आजीलाही उठवीन.

तुझा,
आबा