शेवटचीं नांवें

घरांत पैशाची चोरी झाली तर सारें घर खडबडून जागें होतें. पण चोरीचा चित्रपट घरांत आला तर तेंच घर सतरंजी अंथरून पाहावयास बसतें! हें मी दुसऱ्या कोणाविषयीं लिहीत नाहीं. आमच्याच घरची गोष्ट आहे.

'ड्यून' या चित्रपटाचा दुसरा भाग १ मार्च २०२४ रोजीं प्रदर्शित झाला. फ्रँक हर्बर्ट यांच्या १९६५ सालच्या कादंबरीवरून डेनी व्हिलनव्ह यांनीं रचलेली, वाळूच्या एका ग्रहावरील सत्तेची व सूडाची ही कथा. आमच्या सासूबाईंना परग्रहांचें काय कौतुक? परंतु त्यांतील भासमान दृश्यें मुख्यतः 'डीनेग' या संस्थेनें संगणकावर घडविलीं, आणि तिच्या मुंबईच्या शाखेंत वन्संची धाकटी नोकरीस आहे. "नातीचें नांव पडद्यावर दाखवा," एवढाच सासूबाईंचा हट्ट. गुडघ्यांमुळें थिएटरांत जाणें त्यांना शक्य नव्हतें.

उन्हाळ्याच्या सुट्टींत चिरंजीवांनीं मित्राकडून एक प्रत आणली. "फुकट आहे, आई!" ती कोठली असेल हें मला उमगलें होतें, तरीहि मीं नको म्हटलें नाहीं.

थिएटरांत चोरून टिपलेली ती प्रत. वाळूच्या टेकड्या गढूळ पाण्यासारख्या दिसत, मधूनच कोणाचें तरी डोकें आडवें येई. पावणेतीन तास सासूबाई निमूटपणें बसल्या. शेवटीं नांवें येऊं लागलीं मात्र, तोंच चित्र बंद पडलें. चोरणाऱ्यास नांवांशीं काय कर्तव्य?

पुढच्या रविवारीं भाची आली. सारें ऐकून ती रागावली नाहीं, एवढेंच म्हणाली, "मामी, वाळू कशी घसरावी यासाठीं आम्ही महिनेच्या महिने बसलों होतों. तें तुम्हांला दिसलेंच नाहीं ना!"

"एवढ्या मोठ्या कंपनीला आमच्या एका तिकिटाचें काय?" चिरंजीव म्हणाले.

"२२ ऑक्टोबर २०२१ ला पहिला भाग अमेरिकेंत लागला, तेव्हां कादंबरी अर्धीच झाली होती. दुसऱ्या भागाला मंजुरी मिळाली ती चार दिवसांनीं, प्रेक्षक आले तेव्हां. सगळेच तुझ्यासारखें म्हणाले असते, तर गोष्ट वाळवंटांतच राहिली असती."

थिएटरांत असें चोरून चित्रण करणाऱ्यास २०२३ सालच्या दुरुस्त कायद्यानें तीन महिने ते तीन वर्षें कैद व किमान तीन लाख रुपये दंड आहे. पण मला लाज वाटली ती कायद्याच्या धाकानें नव्हे. शेजारच्या अंगणांतलें फूलहि विचारल्यावांचून तोडूं नये, असें मुलांना शिकविणारी मी. आणि घरच्याच मुलीचे श्रम मीं फुकट घेतले होते!

त्याच रात्रीं अधिकृत मार्गानें भाडें भरून चित्रपट लावला. खर्च एका दिवसाच्या भाजीहून फारसा अधिक नव्हता. शेवटीं नांवांची रांग सुरू झाली. भाचीनें उठून एका ओळीवर बोट ठेवलें. सासूबाईंनीं चष्मा पुसून तें नांव मोठ्यानें वाचलें.

"आणि हीं खालचीं कोणाचीं ग?"

"माझ्या शेजारीं बसणाऱ्यांचीं, आजी."

"मग थांबव जरा. तींहि वाचूं दे."

तेव्हांपासून आमच्या घरीं शेवटचीं नांवें संपल्यावांचून कोणी उठत नाहीं.