भाव आणि किंमत

रससिद्धान्त शिकवताना 'भाव' या शब्दापाशी मी दरवर्षी थोडा अधिक रेंगाळतो. स्थायीभाव, विभाव, अनुभाव फळ्यावर लिहून झाले की मागच्या बाकावरून कोणीतरी हळूच 'कांद्याचा भाव' म्हणते आणि वर्ग हसतो. मला तो विनोद निव्वळ शाब्दिक वाटत नाही. बाजारातही भाव आणि किंमत यांत मराठीने भेद राखला आहे. किंमत हातातल्या वस्तूची. भाव एका मापाचा. 'तूरडाळ काय भाव?' या प्रश्नाचे उत्तर, वेगळे न सांगताही, किलोचे असते.

माझी आजी चौथीपर्यंत शिकलेली. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी तिला मुखोद्गत होत्या. रुपया सोळा आण्यांचा होता तेव्हाचे हे शिक्षण. १ एप्रिल १९५७ रोजी रुपयाचे शंभर नवे पैसे झाले, पुढे शेर-छटाक जाऊन किलो-ग्रॅम आले. तरी तिचे गणित अडले नाही. पाव किलोचे पैसे चौपट केले की भाव निघे. दशांश चिन्हाची गरजच नव्हती; भागाकार 'पाव' या शब्दातच करून ठेवलेला होता.

१६ ग्रॅमला मात्र मराठीत असे नाव नाही. समजा, दहा रुपयांच्या पुडीत २० ग्रॅम चहा होता. १० भागिले २० म्हणजे ०.५० रुपये ग्रॅम, किलोला ५००. पुढे त्याच पुडीत १६ ग्रॅम उरला. आता भागाकार ०.६२५ येतो, किलोला ६२५. किंमत दहाच राहिली, भाव सव्वापट झाला. पुडीवरचा दहाचा आकडा तसाच असल्याने हे ध्यानातही येत नाही.

चहा, कॉफी, डाळी अशा काही वस्तू ठरावीक वजनांतच बांधण्याचे बंधन २०२१ च्या दुरुस्तीने पाकीटबंद वस्तूंच्या नियमांतून वगळले गेले. त्याच दुरुस्तीने एककाचा दर छापणे आवश्यक केले. किलोहून कमी वजनाच्या पाकिटावर ग्रॅमचा, अधिक वजनाच्या पाकिटावर किलोचा, दोन दशांश स्थळांपर्यंत. म्हणजे एकीकडे ०.६३ आणि दुसरीकडे ४०० असे आकडे समोर येतात. त्यांची तुलना करायला दशांश चिन्ह तीन घरे सरकवावेच लागते. तेवढे आमच्या पदवीच्या विद्यार्थ्यांना सहज जमावे.

मला अस्वस्थ करते ते त्यापुढचे. रोजंदारीवर राबणाऱ्या बाईला हा भागाकार येत नाही, असे समजण्याचे कारण नाही. पुष्कळदा तो तिलाच सर्वांत अचूक येतो. पण संध्याकाळी तिच्या हातात चहासाठी दहाच रुपये असतात. चारशेचा भाव समोर दिसत असूनही तिला सव्वासहाशेच्या भावाने चहा घ्यावा लागतो. किंमत परवडते म्हणून ती महाग भाव मोजते. आपल्या कथा-कादंबऱ्यांतले दारिद्र्य आपण करुण रसाच्या अंगाने पुष्कळ वाचले. ते या भागाकाराच्या अंगानेही वाचून पाहायला हवे.