टीमचं मूळ गाव

बाईला वय विचारू नये, पुरुषाला पगार विचारू नये आणि बँकवाल्याला 'तुम्ही मूळचे कुठले हो?' असं विचारू नये. त्याचा जन्म एका गावचा, सासुरवाडी दुसऱ्या गावची आणि हुकूम तिसऱ्याच गावचा. मी पुण्यात जन्मलो, पुण्यातच बी. कॉम. झालो आणि २००९ साली बँकेनं मला लांज्याच्या शाखेत पाठवलं. "दोन-तीन वर्षांचा तर प्रश्न आहे," असं निरोप देताना सगळे म्हणाले. त्या दोन-तीन वर्षांना आता पंधरा वर्षं उलटून गेली. विनंती-बदलीचा अर्ज मी दरवर्षी नेमानं भरतो, सही करतो आणि घरच्या टेबलाच्या ड्रॉवरमध्ये ठेवतो. घाई कशाला करा?

गाव सोडलेल्या माणसाला गावाची आठवण काढायला काहीतरी निमित्त लागतं. कुणाला बाकरवडी पुरते. मला २०११ साली एक अख्खी क्रिकेट टीम मिळाली! आयपीएलमध्ये पुण्याचा संघ आला, पुणे वॉरियर्स. मी शाखेत पेढे वाटले. आमचे हेडकॅशियर लांज्याचेच. त्यांनी पेढा तोंडात टाकला आणि नोट उजेडात धरून बघावी तसा मला प्रश्न केला, "मालक पुण्याचे का?"

"नाही. लखनौचे. १७०२ कोटी मोजलेत त्यांनी."

"कॅप्टन?"

"युवराज सिंग. चंदीगडचा."

"मग मैदान तरी पुण्याचं?"

मैदान नेरूळचं होतं. पुण्याचं स्टेडियम तयार व्हायचं होतं, म्हणून पहिल्या वर्षी पुण्याच्या संघाचं घर नवी मुंबईत. पुढच्या वर्षी, म्हणजे १ एप्रिल २०१२ रोजी, स्टेडियमचं उद्घाटन झालं खरं, पण ते गहुंज्याला, मावळात, द्रुतगती मार्गाच्या कडेला. आता नदीपलीकडच्या डेक्कनलासुद्धा पुणे म्हणायला जिथे काही लोकांची जीभ अडखळते, तिथे गहुंज्याला पुणे कोण म्हणणार? हेडकॅशियरनी उरलेला पेढा गिळला आणि म्हणाले, "म्हणजे पुण्याचं फक्त नाव."

मला त्या वेळी त्यांचा राग आला. पण विचार केल्यावर लक्षात आलं, की बँकेच्या शाखेचंही असंच असतं. पाटीवर 'लांजा शाखा' आणि आत मॅनेजर नागपूरचे, ऑफिसर केरळचा, मी पुण्याचा. तरी लांज्याचे लोक तिला 'आपली बँक' म्हणतातच ना? खेळाडूंचा लिलाव तेवढा टीव्हीवर दाखवतात, आमच्या बदल्यांची यादी दाखवत नाहीत, एवढाच फरक.

तर पुणे वॉरियर्स. तीन हंगामांत आमचा नंबर आला नववा, नववा आणि आठवा. शेवटच्या वर्षी प्रगती झाली, हे नमूद करायला हवं. सौरव गांगुली कॅप्टन असताना, ५ मे २०१२ रोजी, ही टीम कोलकात्याच्या ईडन गार्डन्सवर गेली, तेव्हा तिथल्या प्रेक्षकांची अवस्था माहेर-सासरच्या भांडणात सापडलेल्या सुनेसारखी झाली. टीम त्यांची समोर, माणूस त्यांचा आमच्याकडे. २३ एप्रिल २०१३ ला बंगलोरमध्ये ख्रिस गेलनं एकट्यानं नाबाद १७५ धावा काढल्या, त्या आमच्याच गोलंदाजीवर. आजही तो विक्रम कुठे दाखवला, की समोर धावत असतात ते आमचेच वॉरियर्स. इतिहासात पुण्याची नोंद आहे. फक्त ती दुसऱ्याच्या खात्यावर जमेकडे आहे.

आणि टीम बुडाली कशानं? खेळानं नव्हे. बँक गॅरंटीनं! फीवरून मालकांचं आणि बोर्डाचं बिनसलं, बोर्डानं गॅरंटी वटवली, मालकांनी पुढली दिली नाही, आणि २०१३ च्या ऑक्टोबरात करार रद्द झाला. हेडकॅशियरना ही बातमी वाचून दाखवली तर म्हणाले, "तरी मी म्हणत होतो, तारण बघा." बँकेतल्या माणसाशी सुखदुःखाच्या गोष्टी करू नयेत, त्या अशासाठी.

दोन वर्षं सुनी गेली. मग चेन्नई आणि राजस्थान या दोन संघांवर दोन वर्षांची बंदी आली आणि रिकाम्या जागी २०१६ साली पुण्याला पुन्हा टीम मिळाली. नाव रायझिंग पुणे सुपरजायंट्स, मालक कोलकात्याचे, कॅप्टन धोनी. करार दोन वर्षांचा, एक दिवस वाढवून मिळणार नाही. म्हणजे ही शुद्ध मुदत ठेव! आमच्या शिपायाला मी हे समजावून सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "मंजे डेप्युटेशनवरच आलीय की ओ ती टीम."

डेप्युटेशनवरच्या माणसाचे जे हाल होतात तेच झाले. त्या वर्षी राज्यात दुष्काळ होता. मैदानाला पाणी घालायचं की माणसांना, असा प्रश्न मुंबई उच्च न्यायालयात गेला, आणि एप्रिलअखेरीनंतरचे सामने महाराष्ट्राबाहेर न्या, असा आदेश झाला. पुण्याची टीम आपले 'घरचे' सामने खेळायला विशाखापट्टणला गेली! पुण्यात मला याचं हसू आलं असतं. लांज्यात आलं नाही. इथे पावसाळ्यात आभाळ फाटल्यासारखा पाऊस कोसळतो, आणि त्याच डोंगरावरच्या वाड्यांना एप्रिल-मे महिन्यांत टँकरची वाट बघावी लागते. पाण्यापायी माणसं गाव सोडतात हे लांज्याला ठाऊक होतं. टीमही सोडते, हे नवीन होतं.

पहिल्या वर्षी आठांत सातवे आलो. दुसऱ्या वर्षी नावातला शेवटचा 'स' काढून टाकला. 'सुपरजायंट्स'चं 'सुपरजायंट' झालं, आणि टीम थेट अंतिम सामन्यात! पुण्यात शुद्धलेखनाला एवढं महत्त्व का देतात, ते त्या वर्षी जगाला कळलं. त्या वर्षी बेन स्टोक्सला साडेचौदा कोटी मोजले होते, आणि राहुल त्रिपाठी नावाचा पोरगा दहा लाखांत मिळाला होता. त्यानं ३९१ धावा काढल्या. महाराष्ट्राकडून रणजी खेळणारा, पुण्याच्या मैदानांवर तयार झालेला. मी शाखेत टेबल बडवून सांगितलं, हा बघा आपला! हेडकॅशियरनी मोबाइलवर शोधून शांतपणे वाचून दाखवलं, "जन्म, रांची." म्हणजे धोनीच्याच गावचा. पण या वेळी मी गप्प बसलो नाही. म्हटलं, "जन्म कुठेही होवो. क्रिकेट पुण्यात वाढलं ना?" हे मी त्रिपाठीबद्दल बोललो, असं मला तेव्हा वाटलं होतं.

२१ मे २०१७, हैदराबाद. मुंबईच्या १२९ धावा. आम्हाला शेवटच्या चेंडूवर चार हव्या होत्या. दोन पळून काढल्या, तिसरी काढताना धावबाद. एका धावेनं हरलो. मुदत ठेव पूर्ण झाली आणि हातात मुद्दलापेक्षा एक रुपया कमी पडला! आणि त्या रात्रीनंतर टीमच राहिली नाही. करार संपला. 'पुढच्या वर्षी बघून घेऊ' असं म्हणायचीसुद्धा सोय नव्हती, कारण पुढचं वर्षच नव्हतं.

हे वाक्य ज्यांचं पेटंट होतं, ते लोक अमेरिकेतले. न्यूयॉर्कमधल्या ब्रुकलिन या भागात बेसबॉलची टीम होती, डॉजर्स. डॉजर म्हणजे चुकवणारा. तिथले लोक रस्त्यात ट्रामगाड्या चुकवत जगायचे, त्यावरून हे नाव. लक्ष्मी रोड ओलांडणाऱ्याला याची फोड करून सांगायला नको. ही टीम अंतिम मालिकेत शेजारच्याच यांकीज संघाकडून हरायची. १९४१, १९४७, १९४९, १९५२, १९५३. दर वेळी ब्रुकलिनकर म्हणायचे, थांबा, पुढच्या वर्षी! आणि १९५५ साली त्याच यांकीजना हरवून ते खरोखर जिंकले. दोनच वर्षांनी, नव्या स्टेडियमच्या जागेवरून वाद झाला आणि मालकानं टीम उचलून लॉस एंजेलिसला नेली. जुनं मैदान १९६० साली पाडलं आणि तिथे फ्लॅट बांधले. जागेचा वाद आणि शेवटी फ्लॅट, म्हणजे ब्रुकलिन पुण्यापासून फार लांब नसावं. लॉस एंजेलिसमध्येही ती टीम डॉजर्सच राहिली. चुकवायची ट्राम मात्र मागेच राहिली.

ब्रुकलिनच्या लोकांकडे निदान साठ-सत्तर वर्षांचा संसार होता. आमच्याकडे काय होतं? तीन वर्षं आणि दोन वर्षं. शिवाय २०१८ साली कावेरीच्या वादामुळे चेन्नईचे सामने पुण्यात हलले, तेव्हा खास गाडी करून चेन्नईचे लोक गहुंज्याला आले. धोनी परत आला, पिवळ्या कपड्यांत, आणि करंडकही त्यांनीच नेला. पुणेकरांनी एवढं चोख पेइंग गेस्ट ठेवण्याचं काम यापूर्वी फक्त सदाशिव पेठेत केलं होतं.

पण हाच हिशेब उलट बाजूनं मांडता येतो. २०१४ साली कबड्डीची व्यावसायिक लीग निघाली आणि पुणेरी पलटण आली. पहिल्या दोन्ही हंगामांत आठांत आठवी. ती मुदत ठेव नव्हती, आवर्ती ठेव होती. दरवर्षी थोडं थोडं भरत राहायचं. डिसेंबर २०२२ मध्ये अंतिम सामन्यात जयपूरकडून ३३-२९ अशी हरली. पण तिला पुढचं वर्ष होतं. १ मार्च २०२४ ला हरियाणाला २८-२५ नं हरवून पलटणीनं करंडक घेतला, तेव्हा कॅप्टन अस्लम इनामदार नगर जिल्ह्यातला. जिंकायला दहा हंगाम लागले. मला वाटतं, आधी नुसतं आठवं येऊन त्याच गावात राहता आलं पाहिजे. मग टीम गावाची होते.

लांज्यातल्या टीमांना हे सांगावं लागत नाही. इथे भात कापून झालं, की मळ्यातले बांध सपाट करून टेनिस बॉलच्या स्पर्धा लागतात. निम्मी टीम नालासोपारा, विरार, दिव्याला नोकरीला. ती मुलं रजा टाकून, विलवड्याला गाडीतून उतरून, पदरच्या पैशानं जर्सी शिवून वाडीसाठी खेळतात. बॅनरवर ठळक अक्षरांत असतं, 'एक गाव एक संघ. आधार कार्ड सक्तीचे.' आयपीएलला लागत नाही तो पुरावा इथे लागतो.

आमचे चिरंजीव वर्षाचे असताना लांज्याला आले. पहिलं पाऊल इथलं, शाळा इथली, झाडावरून पडून मोडलेला हातही इथलाच. गेल्या मोसमात तो वाडीकडून उतरला आणि समोरच्या संघानं कार्ड मागितलं. कार्डावर पत्ता आजीचा, शनिवार पेठ, पुणे. "ह्यो भायरचा," असं माइकवरून जाहीर झालं. पोराचा चेहरा मी लांबून बघत होतो. सतराव्या वर्षी आपण कुठले, हे लाउडस्पीकरवरून ऐकायला लागू नये.

तेवढ्यात वाडीतले एक आजोबा काठी टेकत कमिटीच्या मंडपात शिरले. "कार्ड काय बगताय? शिमग्यात पालखीला खांदा देतो पोरगा. तुमचा ओपनर विरारला ऱ्हातो, त्याचं कार्ड गावचं. गावचं पानी कोन पितो ता सांगा!"

कमिटीनं मान डोलावली, पण नियम तो नियम. पत्ता बदलून आणा, पुढच्या वेळेपासून खेळवा. बदली खेळाडू घ्यायची मुभा होती. वाडीच्या कॅप्टननं घेतला नाही. "आमी धाच खेळतो," म्हणाला. दहाजण खेळले आणि व्यवस्थित हरले. परतताना त्याबद्दल कुणी अवाक्षर काढलं नाही, उलट पुढच्या मोसमात ह्याला चौथ्या नंबरवर पाठवायचा की पाचव्या, यावर बाजारपेठेपर्यंत भांडण चाललं होतं.

पत्ता बदलायचा फॉर्म मी दुसऱ्याच दिवशी भरून दिला. बदलीच्या अर्जासाठी परवा ड्रॉवर उघडला, तर अर्ज पालथा पडलेला. मागच्या कोऱ्या बाजूवर चिरंजीवांनी वाडीची बॅटिंग ऑर्डर लिहून ठेवली होती. चौथ्या नंबरावर स्वतःचं नाव, आणि सर्वांत खाली, कंसात: 'अंपायर – बाबा'.